आईच्या अंगठीतला ओपल: पंचामृतापासून प्रयोगशाळेपर्यंत

9 ऑगस्ट 2024. श्रावणातला पहिला शुक्रवार, त्याच दिवशी नागपंचमी. आईनं जिवतीची पूजा झाल्यावर बोटातली अंगठी काढून पंचामृताच्या वाटीत ठेवली आणि वाटी रात्रभर देव्हाऱ्यात राहू दिली. सकाळी अंगठी बाहेर काढली तर कोंदणात खडा होता, पण त्यातले रंग नव्हते.

ती अंगठी अण्णांची, म्हणजे माझ्या वडिलांची, शेवटची भेट. ते परभणीच्या कृषी विद्यापीठात माती परीक्षणाच्या प्रयोगशाळेत नोकरीला होते. 2019 च्या फेब्रुवारीत एका लग्नासाठी जयपूरला गेले आणि येताना आईसाठी ओपलचा एक सुटा खडा घेऊन आले. इथल्या सराफाकडून त्यांनी तो सोन्यात बसवून घेतला. दुधासारखा पांढरा खडा, हात हलवला की आत हिरवी-केशरी ठिणगी इकडून तिकडं पळायची. आई त्याला मोरपिसाचा खडा म्हणायची. अण्णा 2021 मध्ये गेले. त्यानंतर आईनं ती अंगठी भाकरी थापतानाही काढली नाही.

पंचामृताची कल्पना शेजारच्या काकूंची. ओपल शुक्राचा, हिऱ्याचं उपरत्न, म्हणून श्रावणी शुक्रवारी त्याची शुद्धी करावी, असं त्यांनी अगदी मनापासून सांगितलं होतं. आपल्याकडे पुष्कराज, पोवळं, नीलम असंच शुद्ध करून घालतात आणि त्यांना एका रात्रीत असं काही झाल्याचं मी कधी ऐकलं नव्हतं. त्यामुळे मलाही त्यात काही वावगं वाटलं नाही.

सकाळी खडा चक्क काचेसारखा आरपार झालेला. त्याच्यातून खालचं सोनं दिसत होतं. कडेला पिवळसर छटा. आई देव्हाऱ्यापुढंच बसून राहिली. "तुझ्या अण्णांची खूण गेली गं माय," एवढंच म्हणाली. मी घाईनं अंगठी गरम पाणी आणि साबणानं खसाखसा धुतली. ही माझी मोठी चूक होती. तुमच्याकडे कधी असं झालं तर धुऊ नका, चोळू नका, उन्हात किंवा गॅसजवळ वाळवू नका. मऊ सुती कापडानं टिपून घ्या आणि सावलीत तसाच ठेवा.

सोमवारी, 12 तारखेला, शाळा सुटल्यावर आईला घेऊन सराफ्यात गेले. अण्णांनी अंगठी जिथं बनवली ते दुकान आता बंद झालंय, म्हणून दुसऱ्याकडे. त्यांनी खडा भिंगातून पाहिला, उजेडात धरला आणि म्हणाले, "काच हाय ताई ही. ओपलाइट म्हणतेत याला. तुमच्या वडिलांना फसवलं कुणीतरी." आईचा चेहरा पाहवेना. खडा काढून वजन करून द्या, असं मी म्हणाले. नख्या वाकवून त्यांनी तो समोरच काढून दिला, 150 रुपये घेतले. काट्यावर आकडा आला 4.11 कॅरेट. तो मी शाळेच्या डायरीत लिहून ठेवला. इतक्या सगळ्या धावपळीत मी केलेली हीच एक शहाणपणाची गोष्ट.

रात्री अण्णांच्या वह्या काढल्या. बी-बियाण्याचा, खताचा, दुधाचा हिशेब ते दरवर्षी डायरीत लिहायचे. 2019 च्या डायरीत सापडलं: "ओपल 1 नग. 3.84 कॅ. रु. 5,700. जयपूर." पक्कं बिल नव्हतं.

3.84 आणि 4.11. आईला एकच शंका: "खडा बदलला की गं त्यानं!" मला आधी वाटलं, रत्ती आणि कॅरेटचा घोळ असेल. कॅरेट म्हणजे सगळीकडे 200 मिलिग्रॅम. रत्तीचं तसं नाही. जुन्या गुंजेच्या मापानं ती साधारण 121 मिलिग्रॅम भरते आणि राशीचे खडे विकणारे बरेच जण 182 च्या आसपास धरतात. खडा घेताना वजन कॅरेटमध्येच लिहून मागा. पण इथं काटा कॅरेटवरच होता, मी पाहिला होता. दुसऱ्या दिवशी मी त्या दुकानात जाऊन आवाज चढवून बोलले. त्यांनी शांतपणे सांगितलं, "तुमच्यापुढंच काढला, तुमच्यापुढंच तोलला." ते खरं होतं. पुढं सगळं उलगडल्यावर मी जाऊन त्यांची माफी मागितली.

15 ऑगस्टला झेंडावंदन करून घरी आले आणि सहज डबी उघडली. खड्याच्या एका कोपऱ्यात हिरवा ठिपका लागला होता. मी आईला हाक मारली. आम्ही दोघी खिडकीत उभ्या राहून तो खडा फिरवून फिरवून बघत होतो. कोपरा दुधाळ झाला होता आणि त्या दुधाळपणातच रंग परत आला होता. बाकीचा खडा अजून काचच.

तेव्हा अण्णांची प्रयोगशाळा आठवली. लहानपणी त्यांना डबा द्यायला जायची तेव्हा ते मातीचा ओला नमुना तोलायचे, मग 105 अंशांच्या भट्टीत वाळवून पुन्हा तोलायचे. जेवढं वजन कमी भरलं तेवढं मातीतलं पाणी. मग खड्याचं वाढलेलं वजन म्हणजे त्यानं पिलेलं पाणी तर नसेल? दगड पाणी पितो, हे मला खरं वाटत नव्हतं. पण आकडे तेच सांगत होते.

त्यानंतर आठवडाभर रात्री जागून वाचलं. ओपल म्हणजे सिलिका (वाळूत असते तेच द्रव्य) आणि पाणी. स्फटिकासारखी नीट रचना त्याला नसते. मौल्यवान ओपलमध्ये सिलिकेचे अतिसूक्ष्म गोल, साधारण 150 ते 300 नॅनोमीटरचे, फळवाल्याच्या गाड्यावर संत्री रचावीत तसे थरावर थर रचलेले असतात. उजेड त्या रांगांमधून वळतो, विखुरतो आणि वेगवेगळे रंग होऊन बाहेर येतो. गोल मोठे असले तर लाल-केशरी दिसतो, लहान असले तर निळा-जांभळाच. रंगांचं हे कोडं 1964 मध्ये ऑस्ट्रेलियातल्या सँडर्स या शास्त्रज्ञांनी इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली हे गोल पाहून उलगडलं.

आणि काही ओपल सच्छिद्र असतात. त्यांना हायड्रोफेन म्हणतात. इथिओपियाच्या वोलो भागात 2008 मध्ये सापडलेल्या खाणीतले बरेच ओपल याच जातीचे. कोरडे असताना छिद्रांत हवा असते, म्हणून खडा दुधाळ दिसतो. पाणी शिरलं की हवा निघून जाते आणि खडा आरपार होतो. भज्याचा कागद आठवा. तेल लागलं की त्याच कागदातून पलीकडची अक्षरं दिसतात. पाणी नुसतं उडून जातं, खडा पूर्ववत होतो. पण आमच्या खड्यानं दूध, तूप आणि मधही घेतला होता, त्यात माझा साबण.

24 ऑगस्टला, शनिवारी, सकाळची शाळा करून दुपारच्या गाडीनं छत्रपती संभाजीनगरला गेले. मैत्रिणीनं तिथल्या सराफ्यातल्या एका वयस्कर जवाहिऱ्यांचं नाव सुचवलं होतं. त्यांनी खडा हातात घेतला आणि पहिलाच प्रश्न विचारला, "पाण्यात पडला होता का?" मला रडू आलं. त्यांच्या काट्यावर वजन 3.93 भरलं. म्हणजे पाणी उतरत होतं. तोवर खडा निम्म्याहून अधिक दुधाळ झाला होता.

त्यांनी माझ्यासमोर तीन खडे मांडले. एक ऑस्ट्रेलियातल्या कूबर पेडीचा पांढरा ओपल. हा सहसा पाणी शोषत नाही, पण अंगातलं पाणी एकदम सुकलं तर त्याला बारीक तडे जातात. म्हणून आपल्या मे महिन्यात लोखंडी कपाटात, पत्र्याच्या खोलीत तो ठेवू नये. दुसरा जोडखडा, त्याला डब्लेट म्हणतात: वर ओपलची पातळ चकती, खाली काळा दगड, मध्ये डिंक. कडेनं पाहिलं की सांध्याची सरळ रेघ दिसते. मागून बंद कोंदणात बसवला तर ती रेघ लपते. तिसरा इथिओपियाचा, आमच्यासारखा. "लोक तिघांनाही ओपलच म्हणतेत, पण तिघांना जपायची रीत निराळी," ते म्हणाले. म्हणून खडा सुटा असतानाच पाहा, कडेनं पाहा, आणि कुठला आहे हे विचारून बिलावर लिहून घ्या.

गाडीला वेळ होता. ते सांगत होते की ओपल हा शब्द संस्कृत 'उपल' वरून गेला असं मानतात. उपल म्हणजे नुसता दगड. आपल्या अजिंठ्या-वेरुळाच्या काळ्या पाषाणाच्या पोकळ्यांतही गारगोटी, अकीक आणि साधा, रंग न खेळणारा ओपल सापडतो. आणि दोन हजार वर्षांपूर्वीच्या पेरिप्लस या ग्रीक भाषेतल्या व्यापारी प्रवासवर्णनात पैठणहून असे दगड गाड्या भरभरून भडोचला जात असल्याची नोंद आहे, वीस दिवसांची वाट. पैठणला मी किती वेळा नाथषष्ठीला गेलेय, पण हे कधी कानावर आलं नव्हतं.

त्यांनी स्वतः प्रमाणपत्र द्यायला नकार दिला. "माझ्या शब्दानं तुमच्या आईचं समाधान होणार नाही. प्रयोगशाळेत तपासा." मुंबईच्या एका रत्न प्रयोगशाळेचा पत्ता दिला.

पोस्टानं विमा उतरवून पाठवता आला असता. पण पार्सल वाटेत कुठं भिजलं तर, या भीतीनं मी स्वतःच जायचं ठरवलं. एक किरकोळ रजा टाकली. 27 तारखेच्या संध्याकाळी देवगिरी एक्स्प्रेसनं निघाले, 28 ला सकाळी मुंबईत. खडा मऊ कापडात, ते छोट्या डबीत, डबी ब्लाउजच्या आतल्या खिशात. कापूस लावू नका, धागे नख्यांत आणि खड्याच्या खरबरीत कडेला अडकतात. अत्तर, डांबराच्या गोळ्या, तेल यांच्यापासूनही हा खडा लांब ठेवायचा.

प्रयोगशाळेत साडेदहाला खिडकी उघडते. फॉर्म दोन पानी: मालकाचं नाव, पत्ता, आधारची प्रत, वस्तूचं वर्णन, वजन, अंदाजे किंमत, कोणता अहवाल हवा, आणि तपासणीत नुकसान झालं तर जबाबदारी किती याबद्दलचं कलम. किमतीच्या रकान्यापाशी मी अडखळले. अण्णांच्या डायरीतली रक्कम लिहिली. मालक म्हणून आईचं नाव घातलं, कारण खडा तिचाच. त्यामुळे पुढं काय होईल हे तेव्हा सुचलं नाही.

इथं एक गोष्ट जरूर करा. खास सूचनेच्या रकान्यात मी लिहिलं: "खडा पाणी शोषतो. पाण्यात किंवा कोणत्याही द्रवात बुडवू नये." घनता काढायला रत्नं पाण्यात तोलतात आणि अपवर्तनांक, म्हणजे खडा उजेड किती वळवतो ते, मोजताना खड्याखाली तेलकट द्रवाचा थेंब ठेवतात. सच्छिद्र ओपलला दोन्ही वर्ज्य. खिडकीवरच्या बाईंनी वाचलं, आत जाऊन विचारून आल्या आणि त्यावर शिक्का मारून दिला. माझ्यासमोर वजन केलं: 3.87. खड्याचा फोटो काढला, पाकिटात बंद केला, पाकिटावर माझी सही. फी 1,200 आणि त्यावर 18 टक्के जीएसटी, एकूण 1,416. मुदत कामाचे सात दिवस.

त्या सात दिवसांचे बावीस झाले. 6 सप्टेंबरला माझा भाचा, जो ठाण्याला नोकरी करतो, पावती घेऊन गेला. मी अधिकारपत्र पाठवलं होतं, पण सही माझी. मालक आई, म्हणून सही तिची हवी आणि सोबत तिच्या आधारची तिनं स्वतः सही केलेली प्रत. शिवाय भाच्याचं ओळखपत्र. त्याला परत पाठवलं. नियम बरोबर होता, चूक माझी. तुम्ही दुसऱ्याला घ्यायला पाठवणार असाल तर खडा देतानाच खिडकीवर अधिकारपत्राचा नमुना मागून घ्या आणि शक्यतो जो घ्यायला जाणार त्याचं नाव फॉर्मवरच लिहा.

दुसऱ्या दिवशी गणपती बसले. नवं पत्र स्पीड पोस्टानं गेलं. 10 तारखेला महालक्ष्म्या आल्या. दरवर्षी आई महालक्ष्म्यांच्या जेवणाच्या दिवशी ती अंगठी घालून सोळा भाज्यांना फोडणी घालते. यंदा बोट मोकळं. येणाऱ्या बायका विचारत होत्या आणि आई "दुरुस्तीला दिलीय" म्हणून विषय बदलत होती. रात्री आवराआवर झाल्यावर मला म्हणाली, "काच निघाली तर मला सांगू नको. खराच होता म्हण." मी हो म्हणाले नाही, नाहीही म्हणाले नाही. तो दिवस या सगळ्यात मला सर्वांत जड गेला.

19 सप्टेंबरला भाच्याच्या हातात खडा पडला. त्यानं अहवालाचा फोटो पाठवला तेव्हा मी चौथीच्या वर्गावर होते. मधल्या सुट्टीपर्यंत उघडला नाही.

अहवाल एक पानी. नैसर्गिक ओपल. वजन 3.86 कॅरेट. अंडाकृती, घुमटाकार. रंगांचा खेळ आहे. रंगवल्याची किंवा इतर प्रक्रियेची चिन्हं आढळली नाहीत. शेरा: हायड्रोफेन, पाणी व इतर द्रव शोषतो, त्यामुळे पारदर्शकता आणि वजन तात्पुरतं बदलू शकतं. खाण कुठली हे या साध्या अहवालात लिहीत नाहीत. संध्याकाळी मी फोन केला, तेव्हा तपासणाऱ्या बाईंनी सांगितलं की सूक्ष्मदर्शकाखाली रंगांचे ठिपके फरशीबंदीसारखे, मध्ये दुधाळ फटी असलेले दिसले आणि अशी ठेवण वोलोच्या ओपलमध्ये ओळखीची आहे. कृत्रिम ओपलही असतो, 1974 पासून बाजारात आहे. त्याचे ठिपके सरड्याच्या कातडीसारखे खवलेदार दिसतात. ते इथं नव्हते. 3.84 आणि 3.86 मधला फरक चार मिलिग्रॅमचा. तेवढा तर हवेतल्या दमटपणानंही पडतो, असं त्या म्हणाल्या.

पिवळी कड मात्र जाणार नाही, हेही त्यांनी स्पष्ट सांगितलं. छिद्रांत तूप-मधाचा अंश राहिलाय. रसायनात टाकून काढायच्या फंदात पडू नका, घासून पॉलिशही करू नका.

आईला मी घरी जाऊन अहवाल वाचून दाखवला, शेऱ्यासकट, आधी इंग्रजीत लिहिलेलं, मग मराठीत. "म्हणजे त्यांना कुणी फसवलं नव्हतं," ती म्हणाली. मग पुन्हा एकदा वाचायला लावलं.

28 सप्टेंबरला पुन्हा संभाजीनगर, या वेळी आईसह. तिला तीच अंगठी हवी होती. जवाहिऱ्यांनी तिला विचारलं, "आजी, भांडी कोण घासतं? कणीक कोण मळतं?" आई म्हणाली, मीच. मग त्यांनी समजावलं. ओपलची कठिणता साडेपाच ते साडेसहा. नुसत्या धुळीतही वाळूचे कण असतात, ते साधारण सातचे. बोटातला खडा रोज घासला जाणार, रोज भिजणार. गळ्यातला वाचेल. अंगठी आटवायला आई तयार होईना. शेवटी असं ठरलं की अंगठीचं वरचं कोंदण कापून तिचं साधं वेढणं करायचं, ते तिनं बोटात घालायचं, आणि खडा चांदीच्या पदकात बसवायचा. कापलेलं सोनं तोलून, पुडीत घालून आमचं आम्हाला परत दिलं.

बसवण्याबद्दल मी त्यांच्याकडून कागदावर लिहून घेतलं. पदकाचं डाग देण्याचं, तेजाबात टाकण्याचं, पॉलिशचं सगळं काम आधी पुरं करून, थंड करून, सगळ्यात शेवटी खडा बसवायचा. दिव्याची आच खड्याला लागता कामा नये. नंतर दागिने साफ करायच्या यंत्रात किंवा वाफेवर धरायचा नाही. मागची बाजू उघडी ठेवायची, म्हणजे चुकून भिजला तर दोन्हीकडून वाळेल. कडेनं नख्यांऐवजी सलग पट्टी, म्हणजे धक्का लागला तर पट्टी झेलेल. तुमच्या गावातल्या कारागिराला यातलं काही माहीत नसेल तर हे आधी बोलून घ्या. त्यात त्यांनाही कमीपणा वाटत नाही, असा माझा अनुभव आहे.

पदकाचे चांदी-मजुरीसह 1,650 झाले, वेढण्याचे 600. खडा काढण्याचे 150 आणि प्रयोगशाळेचे 1,416 धरून 3,816. माझे, आईचे रेल्वे-रिक्षाचे साधारण 2,300. म्हणजे एकूण सहा हजारांवर, खड्याच्या मूळ किमतीपेक्षा जास्त. कुणी विचारलं की एवढ्या खड्यासाठी एवढा खर्च परवडतो का, तर बाजारभावानं नाही परवडत. आम्हाला करायचा होता. नवीन खडा घेणार असाल तर बसवण्याआधीच तपासून घ्या, निम्म्याहून जास्त खर्च आणि सगळी धाकधूक वाचते.

11 ऑक्टोबरला, दसऱ्याच्या आदल्या दिवशी, पदक घरी आलं. कड पिवळी आहे, मध्यभाग पूर्वीसारखाच दुधाळ, आणि ठिणग्या सगळ्या जागेवर. आई आंघोळीला जाताना आणि स्वयंपाकाला लागताना ते काढून देव्हाऱ्याशेजारच्या खुंटीला लावते. काकूंनाही आम्ही हे सगळं सांगितलं. त्यांच्या सुनेच्या बोटातही ओपलच आहे, ते ऐकून त्या लगेच घरी गेल्या.

त्या रात्री आईनं 2019 ची डायरी मागून घेतली. अण्णांच्या ओळीखाली तिनं मला लिहायला सांगितलं: "वजन 3.86. पंचामृतात भिजला होता. वाळला. पाण्यापासून जपणे. 11 ऑक्टोबर 2024."